झूराकानचं गहाणखत

झूराकानचं घर बिश्केकच्या जुन्या वस्तीत होतं आणि त्या घराच्या मालकीची लाल वही तिच्या नावावर होती. शहराच्या कडेला, विजेच्या मोठ्या तारांखाली जी नवी घरं उठली आहेत, तिथं लोक वीस-वीस वर्षं राहतात, पोरांची लग्नं लावतात, पण घराचा कागद म्हणाल तर हातात काही नाही. झूराकानकडे तो होता, सरकारी शिक्क्याचा, लाल पुठ्ठ्याचा. वस्तीतल्या बायका तिला थोड्या वचकून असत, त्यामागचं एक कारण हेही होतं.

घर आपण शिवणाच्या मशीनवर उभं केलं असं ती सांगे, आणि त्यात खोटं काही नव्हतं. नवरा सापार वारला तेव्हा मुलगा तालाय बारा वर्षांचा. मोठा देश फुटला होता, आत-बाशीतली शेतकी वसाहत बंद पडली होती, पगाराऐवजी मेंढ्या मिळत आणि त्या मेंढ्यांना गिऱ्हाईक नसे. ती मशीन आणि मुलगा घेऊन डोंगरातून खाली उतरली. आधी बाजारासाठी उशांचे अभ्रे शिवले, मग शाळेचे गणवेश, मग रशियाला जाणारे बायकी झगे. कच्च्या विटांच्या दोन खोल्यांच्या पाच खोल्या झाल्या, पत्रा बदलला, अंगणात नळ आला. मुलगा शहरात मिनीबस चालवायला लागला. उपेल सून म्हणून आली.

मुलगा एकच का, असं कुणी विचारलं तर झूराकान म्हणे, देवानं एकच दिला. ते मात्र खरं नव्हतं. तालायच्या पाठीवर तिला तीन मुलं झाली होती. तिन्ही जन्मली तेव्हा रडली, दुसऱ्या दिवशी पिवळी पडली आणि आठवडा पुरा व्हायच्या आत गेली. दुसऱ्याचं नाव तिनं तोक्तोसून ठेवलं, म्हणजे थांब. तिसऱ्याचं तुर्सुन, म्हणजे राहा. कुणी थांबलं नाही, कुणी राहिलं नाही. तिसऱ्या वेळी तिची सासू चुलीपाशी बसून शांतपणे म्हणाली होती, "तुझ्या पोटात काय विष आहे गं?" सापार तिथंच बसला होता. तो चहा पीत राहिला.

हे तिनं शहरात कुणाला सांगितलं नव्हतं. मुलालासुद्धा नाही.

उपेलला पहिली मुलगी झाली, बेर्मेत. गुटगुटीत पोर. दुसरा मुलगा झाला, तो चौथ्या दिवशी गेला. तिसरं सहाव्या महिन्यात पोटातच गेलं. त्यानंतर एके दिवशी भांडी घासताना उपेलच्या हातून एक वाडगा फुटला आणि झूराकानच्या तोंडून निघून गेलं, "तुझ्या हातात काही टिकत नाही, पोटात तरी काय टिकणार." बोलली आणि तिला स्वतःचाच आवाज ओळखू आला नाही. उपेलनं तुकडे गोळा केले. ती पलटून बोलणाऱ्यातली नव्हती. तीन वर्षं दोघी एका चुलीवर रांधत होत्या, पण ते वाक्य कुणी पुसलं नाही.

मग उपेलला चौथ्यांदा दिवस गेले. दवाखान्यातल्या बाईनं या वेळी रक्ताचा कागद नीट वाचला. उपेलचं रक्त ऋण गटाचं, तालायचं धन गटाचं. पहिल्या बाळंतपणात बाळाचं रक्त आईच्या रक्तात मिसळलं आणि तिच्या शरीरानं ते परकं धरलं. तेव्हाच एक इंजेक्शन द्यायचं असतं, ते कुणी दिलं नव्हतं. तेव्हापासून तिचं रक्त धन गटाच्या प्रत्येक बाळावर चालून जातं. दोन वाटा आहेत, बाई म्हणाली. आत्ताच मोकळं करायचं, नाहीतर अल्माटीला जायचं. तिथं पोटातल्या पोटात बाळाला रक्त देतात.

अल्माटी म्हणजे सीमेपलीकडे, दुसऱ्या देशात. गाडीनं चार तास, आणि कोर्दायच्या नाक्यावर रांग असेल तर सहा. सोळाव्या आठवड्यात झूराकान सुनेला घेऊन गेली. तालाय बसवर होता. सुट्टी घेतली तर बसमालक दुसरा ड्रायव्हर बघणार.

तिथल्या डॉक्टर ख्वान पन्नाशीच्या, बारीक, केस मागे घट्ट बांधलेल्या. त्या फार हसत नसत, पण घाईही करत नसत. त्यांनी उपेलच्या पोटावर जेल लावलं, पडद्यावर बाळाचं डोकं शोधलं आणि त्या डोक्यातली एक बारीकशी रक्तवाहिनी पकडली. त्यांनी समजावलं की बाळाचं रक्त पातळ होत गेलं की ते या नळीतून वेगानं धावतं. वेग मोजला की आत किती रक्त उरलंय ते सुई न टोचता कळतं. आज वेग ठीक होता.

मग त्यांनी नवऱ्याच्या आईबापांचे रक्तगट विचारले. सापार कधीच मातीत गेला होता. झूराकानला स्वतःचा गट माहीत नव्हता. डॉक्टर म्हणाल्या, हरकत नसेल तर तुमचंही बघू, त्यावरून बाळाचा अंदाज बांधता येतो. झूराकाननं बाही वर केली.

तासाभरानं कागद आला. डॉक्टर ख्वान पहिल्यांदा जराशा हसल्या. झूराकानचंही रक्त ऋण गटाचं होतं. म्हणजे तालायच्या अंगात निम्मा वाटा आईचा, आणि बाळानं तोच उचलला असला तर त्याला काहीच धोका नाही. नाणं उडवल्यासारखं आहे, त्या म्हणाल्या, पण आशा आहे. मग सहज लिहिता लिहिता त्यांनी विचारलं, "तुम्हाला मुलं किती?"

"एक."

"आणि झाली किती?"

झूराकाननं वळून बघितलं. खोलीत उपेल होती, नर्स होती. डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं.

"पिवळी पडली होती का?" त्यांनी विचारलं.

"जर्दाळूसारखी," झूराकान म्हणाली. "तिन्ही."

डॉक्टरांनी मान हलवली. हे तेच आहे, त्या म्हणाल्या. त्या काळात डोंगरात कोण तपासणार आणि कोण इंजेक्शन देणार. यात बाईचा दोष नसतो, विष वगैरे काही नसतं, रक्ताचा स्वभाव असतो. त्यांनी हे वाक्य बहुतेक शंभर बायकांना सांगितलं असेल. झूराकानला ते पस्तीस वर्षं उशिरा मिळालं. तिनं मान खाली घातली आणि बाहीचं बटण लावायला लागली, ते लागेना. उपेलनं पलंगावरून उठून ते लावून दिलं.

परतीच्या गाडीत झूराकान खिडकीला डोकं टेकून बसली होती. तिला सासूची आठवण आली, आणि मग फुटलेल्या वाडग्याची. सासू अडाणी होती. मग मी कोण?

एकोणिसाव्या आठवड्यात दोघी परत गेल्या. पडद्यावरचा आकडा वर चढला होता. बाळानं बापाचा गट घेतला होता.

आता डॉक्टरांनी सगळं सरळ सांगितलं. दोन-तीन आठवड्यांच्या अंतरानं चार वेळा रक्त द्यावं लागेल, कदाचित पाच वेळा. पोटातून सुई घालून नाळेतल्या शिरेत. प्रत्येक वेळी थोडा धोका. परदेशी माणसाला खर्च स्वतःचा, आणि मूल लवकर जन्मलं तर काचेच्या पेटीचा खर्च निराळा. नको असेल तर अजून दोन आठवडे मोकळं होता येतं, नंतर नाही.

घरी आल्यावर उपेलनं रात्रीच्या जेवणाला नवऱ्याला सांगितलं की तिला मोकळं व्हायचंय. बेर्मेत आहे, पुष्कळ झालं. तालायनं ते ऐकलं, भाकरीचा तुकडा मोडून ठेवला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बस काढण्याआधी आईच्या कानावर घातलं. घरात अवघड गोष्ट आली की ती उचलून आईच्या पुढ्यात ठेवायची, हे तो लहानपणापासून करत आला होता.

दहा वाजता झूराकाननं चांगला रुमाल बांधला, लाल वही पिशवीत घातली आणि बँकेत गेली.

घराची किंमत करायला एक तरुण माणूस आला. त्यानं बूट काढले नाहीत. भिंतीवर बोटानं टकटक करून बघितली, संडास अंगणात आहे हे लिहून घेतलं, खोल्यांची मापं घेतली. मागची खोली कोणत्या वर्षी बांधली असं त्यानं विचारलं, आणि झूराकान त्याला सांगायला लागली की त्या वर्षी तिनं चारशे गणवेश शिवले होते. तो म्हणाला, आजी, फक्त वर्ष सांगा. बँकेनं किमतीच्या निम्मं द्यायचं कबूल केलं. आठ वर्षांत फेडायचं, लागोपाठ तीन हप्ते चुकले तर घर बँकेचं.

घरातल्या सगळ्या मोठ्या माणसांची नोटरीपुढे संमती लागते, म्हणून तिघं गेली. नोटरीनं कागद वाचून दाखवला. तालायनं सही केली. उपेलनं पेन हातात घेतलं आणि सासूकडे बघत विचारलं, "आपा, मी सही नाही केली तर?"

आपा म्हणजे आई. ती सासूला नेहमी तसंच म्हणे.

"पोरी, असं अशुभ बोलू नये," झूराकान म्हणाली. "घर काय, विटाच आहेत. हे बाळ राहणार. मला माहितीये."

नोटरीच्या दाराबाहेर पुढची माणसं उभी होती. उपेलनं सही केली.

पहिलं रक्त बाविसाव्या आठवड्यात दिलं. झूराकानला आत सोडलं नाही, ती काचेच्या दाराबाहेर बसली. उपेल बाहेर आली तेव्हा तिचा चेहरा कागदासारखा झाला होता. तिला झोपवत नाहीत. ती जागी होती, पडद्यावर तिला सुई दिसत होती, आणि बाळानं हलू नये म्हणून आधी त्याला एक इंजेक्शन देऊन लुळं करतात. आपल्या पोटात अचानक काहीच हलेनासं होतं, ते कसं असतं हे तिनं कुणाला सांगितलं नाही. पण त्या दिवसापासून ती पोटावर हात ठेवून झोपायला लागली.

दुसरं रक्त पंचविसाव्या आठवड्यात. आकडा खाली आला, बाळाचं वजन वाढलं. डॉक्टर ख्वान आलेखावर बोट ठेवून दाखवत, आणि झूराकानलाही आता तो वाचता येऊ लागला होता. ठिपका तिरक्या रेषेच्या खाली म्हणजे बरं, वर म्हणजे वाईट. मशीनवर बसल्याबसल्या ती शेजारणींना तो आलेख हवेत बोटानं काढून दाखवी. एक शेजारीण म्हणाली, "सुनेवर भलताच जीव तुझा, घर गहाण टाकलंस तिच्यासाठी." झूराकानला ते ऐकून बरं वाटलं. दोन दिवस तिनं ते वाक्य मनात घोळवलं.

अठ्ठाविसाव्या आठवड्यात ठिपका परत रेषेला टेकला. त्यांना नेहमी नेणारा टॅक्सीवाला केनेस सकाळी सहाला दारात आला आणि उपेल मागच्या खोलीतून बाहेर येईना. झूराकान आत गेली. उपेल पलंगाच्या कडेला कोट घालून बसली होती, बूट मात्र घातले नव्हते.

"मी जात नाही," ती म्हणाली.

झूराकाननं समजूत घातली. आता दोनदाच राहिलंय, एवढं केलं त्यावर पाणी सोडायचं का, बँकेचा पैसा उचललाय, मुलगा आहे असं डॉक्टर म्हणाल्यात. उपेल ऐकत होती. मग ती अगदी हळू आवाजात बोलली, जणू बेर्मेत उठेल म्हणून.

"आपा, घर तुम्ही गहाण टाकलंत. सुई माझ्या पोटात जाते. मला नको होतं तेव्हा तुम्ही माझ्याशी बोलला नाहीत, बँकेशी बोललात. त्या दिवसापासून मी नाही म्हटलं तर तुमचं घर बुडवल्यासारखं. हे माझ्या बाळासाठी नाही करत तुम्ही. तुमच्या त्या तिघांसाठी करताय."

झूराकान दाराची चौकट धरून उभी होती. तिला म्हणायचं होतं, नको येऊस, बूट काढलेले राहू देत. त्या क्षणी तिनं ते म्हटलं असतं तर पुढचं सगळं वेगळं झालं असतं की नाही, हे तिनं नंतर अनेकदा ताडून पाहिलं. रक्त दिलं नाही तर बाळ दोन आठवड्यांत जाणार हे दोघींनाही ठाऊक होतं. तिच्या तोंडून निघालं ते एवढंच, "केनेस थांबलाय."

उपेलनं बूट घातले.

त्या दिवशी सुई शिरेत गेली, निम्मं रक्त गेलं आणि बाळाच्या हृदयाचे ठोके मंदावले. वाट पाहिली, परत आले नाहीत. उपेलला तशीच शस्त्रक्रियेच्या खोलीत नेलं. काचेच्या दारातून माणसं धावताना दिसली तेव्हा झूराकान उठून उभी राहिली आणि मग कुठं जायचं ते न कळून तिथंच उभी राहिली. वीस मिनिटांनी एक नर्स आली आणि म्हणाली, मुलगा आहे, जिवंत आहे, अकराशे ग्रॅम.

तो सहा दिवस जगला. त्याचं सगळं रक्त दोनदा बदललं. छाती नळीनं वरखाली होत होती. तिसऱ्या दिवशी डोक्यात रक्तस्राव झाला. डॉक्टर ख्वान रोज संध्याकाळी येऊन उभ्या-उभ्याच खरं ते सांगत. नाव ठेवायची वेळ आली तेव्हा झूराकाननं भीत भीत पुन्हा तुर्सुन सुचवलं. उपेल म्हणाली, मला विनवणी करणारं नाव नको. तिनं एर्निस ठेवलं. तालाय चौथ्या दिवशी पोचला. त्याला अंगावर एक निळा झगा घालून आत सोडलं, आणि तो पेटीच्या भोकातून एक बोट आत घालून पाऊण तास उभा राहिला.

सातव्या दिवशी सकाळी कागदपत्रं झाली. मयताचा दाखला, सीमेसाठी वेगळा दाखला, त्यावर शिक्का. केनेस गाडी घेऊन आला होता. मागच्या सीटवर तालाय मांडीवर गाठोडं घेऊन बसला, शेजारी उपेल टाके धरून. नाक्यावर गाडीतून उतरून चालत जावं लागतं. कझाक शिपायानं दाखला वाचला, गाठोड्याकडे बघितलं, टोपी काढली आणि त्यांना रांगेच्या बाजूनं पुढं नेलं. घरी आल्यावर केनेसनं तिघांचं भाडं घेतलं. चारही जागांचं भाडं द्यायची रीत आहे, पण चौथ्या रिकाम्या जागेचं त्यानं मागितलं नाही.

बायका दफनाला जात नाहीत. पुरुष गेले आणि दोघी घरात राहिल्या. उपेलला दूध आलं होतं. झूराकाननं जुन्या चादरीची रुंद पट्टी फाडली आणि तिची छाती घट्ट बांधून दिली. असं कसं बांधायचं हे तिला चांगलं माहीत होतं. बांधताना ती म्हणाली, "मला शिव्या दे."

"देऊन काय होणार," उपेल म्हणाली. मग म्हणाली, "जरा सैल करा, श्वास कोंडतोय."

हिवाळ्यात दोन हप्ते चुकले. तालायच्या बसचा गिअरबॉक्स गेला होता आणि मालकानं निम्मा खर्च त्याच्या पगारातून कापला. तिसरा हप्ता चुकायच्या आत झूराकाननं स्वतःच घर विकायला काढलं. बँकेनं विकलं तर मातीमोल जाईल, एवढा हिशेब तिला येत होता. घेणाऱ्यानं बँकेचं मिटवलं आणि उरलेले हातात दिले. त्यात शहराच्या कडेला, तारांखालच्या नव्या वस्तीत तीन खोल्या आल्या. कागद नाही. वाऱ्याच्या दिवशी वर तारा गुणगुणतात, बेर्मेतला पहिल्या आठवड्यात झोप येईना, मग सवय झाली. वस्तीतून निघताना जुन्या शेजारणींनी दारात उभं राहून निरोप दिला. त्यांच्यातल्या एकीनं, ऐकू जाईल इतपत, म्हटलं की सुनेनं सासूचं घर खाल्लं. झूराकान ट्रकमध्ये चढता चढता उतरली, तिच्यापाशी गेली आणि म्हणाली, "मी खाल्लं. नीट सांग लोकांना." मग चढून बसली.

आता दोघी एका तळघरातल्या शिवणखान्यात जातात. वीस मशीनं, एक खिडकी, ती रस्त्याच्या पातळीला, तिच्यातून लोकांचे पाय दिसतात. झूराकान कॉलर लावते, उपेल बाह्या. शेजारी-शेजारी बसतात, बोलणं दोऱ्यापुरतं, सुईपुरतं, बेर्मेतच्या शाळेपुरतं. जे झालं त्यावर उपेल पुन्हा कधी बोलली नाही. झूराकाननं एकदा माफी मागायचा प्रयत्न केला, तेव्हा उपेलनं मशीनचं पायडल दाबलं आणि आवाजात ते बुडालं.

मागच्या वसंतात काठ शिवायला एक नवी मुलगी आली, सुयून नावाची, विशीतली, ओशकडची. चौथा महिना होता. जेवणाच्या सुट्टीत बायका तिला काय खा, काय खाऊ नको ते सांगत होत्या. उपेल कोपऱ्यात चहा पीत होती. तिनं मधेच विचारलं, "रक्ताचा गट कुठला तुझा?"

मुलीला माहीत नव्हतं. नवरा मॉस्कोत, दवाखान्यात नाव घातलं नव्हतं, इथला नोंदवलेला पत्ताच नव्हता म्हणून.

उपेलनं कप ठेवला, दोघींचे कोट खुंटीवरून काढले आणि तिला हाताला धरून जिन्यावरून वर नेलं. मालकीण ओरडली की दोघींचा अर्धा दिवस कापीन. उपेल थांबली नाही. झूराकाननं सुनेच्या मशीनवरचा बाह्यांचा ढीग आपल्याकडे ओढला, मग त्या मुलीचाही. संध्याकाळी सातपर्यंत तिनं दोन्ही संपवले. डोळे चुरचुरायला लागले होते.

दोघी परत आल्या तेव्हा दिवे लागले होते. मुलीचं रक्त धन गटाचं होतं, सगळं ठीक होतं, आणि एवढ्यासाठी पाच तास रांगेत उभं केल्याबद्दल ती जराशी रागावलेली दिसत होती. मालकिणीनं म्हटल्याप्रमाणे दोघींचा अर्धा दिवस कापला. उपेलनं आपल्या मशीनवरचे तयार गठ्ठे बघितले, मोजले, आणि वरच्या दोन बाह्या बाजूला काढल्या.

"या उलट्या लागल्यात, आपा," ती म्हणाली.

झूराकाननं चष्मा पुसला, त्या दोन बाह्या घेतल्या आणि उसवायला बसली.